ओझेलाचं राहिलेलं आमेन

रेव्हरंड स्पाइव्हींनी प्रार्थनेसाठी हात वर केले आणि त्याच वेळी कॅटफिशचा पहिला घाणा कढईतून निघाला. पुढचा सगळा घोळ त्या एका घाण्यामुळे झाला, असं मॉझेल आत्या नंतर कित्येक वर्षं सांगत राहिली. घाणा जरा उशिरा निघाला असता, तर टायटस हिलवरच्या माणसांची डोकी ठिकाणावर राहिली असती.

लूशियस घरी आल्यानंतरचा तो दुसरा रविवार. त्र्याऐंशी सालचा जून. चर्च सुटल्यावर अख्खी टेकडी ओझेलाच्या मागच्या अंगणात उतरली होती. पिकानच्या झाडाखाली दारांच्या फळ्या टाकून लांबलचक टेबल केलं होतं. त्यावर कोलार्डची पालेभाजी, कॉर्नब्रेड, रताळ्याचं सारण भरलेले गोड पाई आणि मधोमध, एखाद्या राणीसारखं, मॉझेल आत्याचं बटाट्याचं सॅलड. टायटस हिलवर बटाट्याचं सॅलड करायचा अधिकार तिच्याशिवाय कुणालाच नव्हता. ओझेलाचा भाऊ लूशियस तुरुंगातून सुटून आला होता, त्याच्या मानाचं जेवण होतं ते. ओझेलाने पहाटे गुडघे टेकून त्याबद्दल देवाचे आभार मानले होते, मग मासे साफ करताना पुन्हा मानले होते.

"हे दयाळू प्रभू," रेव्हरंड म्हणाले, "चौदा वर्षांनी तू लूशियसला या अंगणात परत आणलंस. या अन्नाला आशीर्वाद दे. हे रांधणाऱ्या हातांना आशीर्वाद दे. या टेकडीवरून डोंगरातल्या तुरुंगाकडे जाणाऱ्या प्रत्येक आईला, बहिणीला सांभाळ. आणि प्रभू, नगरपालिकेने मोठ्या मनाने देऊ केलेल्या नव्या बसला आशीर्वाद दे, आणि तिचा कारभार पाहणारा अध्यक्ष म्हणून तुझा सेवक लूशियस याला बळ दे. येशूच्या नावाने मागतो."

"आमेन!" अख्खं अंगण गरजलं. सगळ्यात मोठा आवाज लूशियसचा. चौदा वर्षांत त्याने ताज्या माशाचा वास घेतला नव्हता.

हात टेबलाकडे झेपावले, आणि मग एकेक करून जागच्या जागी थांबले.

"थांबा," ओझेलाचा दीर क्लीव्हन म्हणाला. त्याच्या हातातला माशाचा तुकडा तोंडाशी अडला होता. "आपण आत्ता नेमकं कशाला आमेन म्हणालो?"

मग मॉझेल आत्या आपल्या वेताच्या खुर्चीतून खो खो हसायला लागली. ऐंशीची बाई, हसता हसता टोपी डोळ्यांवर आली तिच्या.

"अगं बाई! झालं की! बस घेतली आपण! आणि हा," तिने काठी लूशियसकडे रोखली, "हा कुणी राजा नको, कुणी साहेब नको म्हणणारा, स्वतःच्या तोंडाने अध्यक्ष झाला!"

लूशियसचा चेहरा बघण्यासारखा झाला होता.

टेकडीची रीतच तशी होती. जुन्या मयत मंडळाच्या काळापासून, म्हणजे या लोकांच्या आज्या-पणज्या आपली माणसं आपणच पुरत होत्या तेव्हापासून, इथे हात मोजून काही ठरलं नव्हतं. अध्यक्ष नव्हता, चिटणीस नव्हता. गोल बसायचं, भाजी वाढायचा लाकडी डाव हातोहात फिरवायचा, डाव ज्याच्या हातात त्याने बोलायचं. सगळ्यांचं आमेन पडलं की ठरलं. एकाचंही अडलं तर डाव पुन्हा फिरायचा. आणि चारचौघांत एकदा दिलेलं आमेन परत घेता येत नसे. रेव्हरंड नॅशव्हिलहून येऊन दोनच वर्षं झाली होती. त्यांना हे कुणी सांगितलं नव्हतं. ते बिचारे कॉर्नब्रेड हातात घेऊन विचारत होते, "माझं काही चुकलं का?"

"तुमचं नाही, रेव्हरंड," ओझेलाची मुलगी रोनेल घाईने म्हणाली. "मीच म्हटलं होतं, बसचंही प्रार्थनेत घ्या म्हणून."

नगरपालिकेत नोकरी करणारी रोनेल. टेकडीची रीत तिला जन्मापासून ठाऊक. ती हे म्हणाली आणि तिने आईकडे बघायचं टाळलं.

तिच्या शेजारी, सुटाबुटात घामाघूम झालेले मिस्टर ड्यूबेरी उभे होते. तेही टेकडीवरच्या लोकांसारखे काळेच, खालच्या गावातले, पालिकेच्या समितीतले. सभ्य माणूस. "वा!" ते खुशीत म्हणाले. "मला वाटलं होतं, तुमच्याकडे ठरायला संध्याकाळ होईल."

लोक हसले आणि जेवायला लागले. ताटं भरली, ताटं रिकामी झाली. आणि ओझेला भरलेलं ताट हातात घेऊन झाडाच्या बुंध्याशी उभीच राहिली. तिने घास घेतला नव्हता. तिला घेता येईना, कारण तिचं आमेन अजून झालेलंच नव्हतं.

हे कुणाच्या लक्षात आलं नाही, कारण ओझेलाचं आमेन नेहमीच मागून यायचं. घरातले त्यावरून चेष्टा करायचे. पण तिची आई पर्ल हिने तिला लहानपणी शिकवलं होतं, की आमेन म्हणणं म्हणजे ओझ्याला हात लावणं आहे, न बघता लावायचा नसतो. तेव्हापासून ओझेला प्रार्थनेची प्रत्येक ओळ मनात पुन्हा म्हणायची, प्रत्येक नावाशी क्षणभर थांबायची आणि मगच आमेन म्हणायची. त्याशिवाय अन्नाला शिवायची नाही. आजही सगळं अंगण गरजलं तेव्हा ती रांधणाऱ्या हातांपाशीच होती. जावेचा अंगठा सकाळी कढईला भाजला होता, त्याच्यासाठी तिने दोन शब्द जास्त घातले. मग ती बसच्या ओळीपाशी आली आणि तिथे तिचे पाय अडले.

*

ती ताट घेऊन स्वयंपाकघरात गेली. मागोमाग रोनेल आलीच.

"आई, रागावलीस?"

"नाही गं."

"मग जेवत का नाहीस?"

ओझेलाने ताट ओट्यावर ठेवलं, त्यावर फडकं झाकलं. मोठ्याने बोलणं तिला कधी जमलंच नव्हतं. आवाज चढवायचा झाला की ती हाताने काहीतरी पुसायला घ्यायची. आता ती स्वच्छ ओटा पुसू लागली.

"ती गाडी कुणाकुणाला घेणार, रोनेल?"

"सगळ्यांना. म्हणजे, ज्यांचं माणूस आत आहे त्यांना. आई-वडील, लग्नाची बायको, मुलं, सख्खी भावंडं. पालिकेचा पैसा आहे, काहीतरी नियम असणारच ना? आणि आई, गाद्यांच्या सीट आहेत! मॉझेल आजीची कंबर मोडणार नाही. घाटात उतरून चालावं लागणार नाही."

घाटात उतरून चालणं हे टेकडीवरच्या बसचं खास होतं. बस म्हणजे शाळेने टाकून दिलेली जुनी गाडी, क्लीव्हनने दुरुस्त करून निळी रंगवलेली. तिचं नाव मिस पर्ल, ओझेलाच्या आईवरून, कारण दोघीही सुरू व्हायला वेळ लावायच्या पण वाटेत कधी थांबल्या नाहीत. दर दुसऱ्या शनिवारी मिस पर्ल बायका-पोरांना घेऊन तुरुंगाकडे निघायची. शेवटच्या चढावर मात्र तिचा दम संपायचा. मग सगळ्यांनी उतरायचं, टोप्या सावरत, डबे सांभाळत, गाणी म्हणत तिच्या मागून चालायचं. आत फक्त क्लीव्हन आणि मॉझेल आत्या. आत्या खिडकीतून हात हलवायची, जशी काही तिचीच मिरवणूक.

"आणि अँसेल?" ओझेला म्हणाली.

रोनेलने सुस्कारा टाकला. "आई, अँसेल आपला कुणी नाही."

"म्हणूनच विचारते."

अँसेल लूशियसच्या शेजारच्या कोठडीतला. एकोणिसाव्या वर्षी आत गेलेला, मागे-पुढे कोणी नसलेला पोरगा. लूशियसने त्याला वाचायला शिकवलं होतं. लूशियस सुटला त्या दिवशी तो भेटीच्या खोलीत उभा होता आणि ओझेलाला म्हणाला होता, "आता तुम्ही येणार नाही ना, मॅम?" त्याने ते तक्रार म्हणून विचारलं नव्हतं. पाऊस पडणार ना, असं विचारावं तसं विचारलं होतं. ओझेलाने त्याचा हात धरून सांगितलं होतं, "येईन. तू बाहेर येईपर्यंत येईन." रोज पहाटे देवापुढे ज्या नावांशी ती थांबायची, त्यात तेव्हापासून त्याचं नाव होतं. येत्या शनिवारी त्याच्यासाठीची पहिली खेप होती.

"मला वाटलं होतं, मामा सुटला, आता तू सुटलीस," रोनेल म्हणाली आणि तिचा आवाज एकदम लहान मुलीसारखा झाला. "किती वर्षं मी बघतेय. शुक्रवारी रात्री डबे, शनिवारी पहाटे ती खडखडणारी गाडी. तुझे गुडघे गेले त्या चढावर. मी तीन साहेबांच्या मागे लागून ही बस मिळवली. लोकांचा प्रवास थांबू नये आणि तुला घरी बसता यावं म्हणून. एवढंच होतं माझ्या मनात."

ओझेलाने फडकं खाली ठेवलं आणि मुलीच्या गालावर हात ठेवला. आपण बसला नाही म्हटलं तर या पोरीचा चारचौघांत, तिच्या साहेबासमोर पचका होणार, हे तिला दिसत होतं. आणि गप्प बसून आमेन म्हटलं तर डोंगरात एक पोरगा शनिवारी दाराकडे बघत बसणार, हेही दिसत होतं.

"आई, तू... तुझं आमेन राहिलंय का?" रोनेलने झाकलेल्या ताटाकडे बघत हळूच विचारलं.

ओझेलाने ताटावरचं फडकं नीट केलं. रोनेल तिला ओळखून होती. ती डोळे पुसत बाहेर निघून गेली.

दारात लूशियस उभा होता. अजून तो दारापाशी आला की थांबायचा, कुणीतरी उघडेल म्हणून. जाळीचं दार अर्धं उघडंच होतं, तरी थांबला होता.

"ढकल, उघडं आहे," ओझेला म्हणाली.

"ठाऊक आहे गं. पायाला ठाऊक नाही." तो हसला आणि आत येऊन स्टुलावर बसला. "ताई, माझ्याकडे बघ. आत मी पोत्याने पुस्तकं वाचली. पोरांना शिकवलं, की कुणाला डोक्यावर बसवायचं नाही, आपल्या माणसालासुद्धा नाही. आणि माशाच्या एका तुकड्यासाठी मीच खुर्चीत जाऊन बसलो! क्लीव्हन मला आत्ता 'अध्यक्षसाहेब, चहा घ्या' म्हणाला."

"बरं झालं. लहानपणापासून तुझी जीभ मेंदूच्या पुढे धावते."

"पण तुझी नाही." त्याने झाकलेलं ताट पाहिलं. त्याचे डोळे बारीक झाले. "ताई..."

"काही बोलू नकोस."

"नाही बोलत. मी बोललो तर तो हुकूम होईल, आणि मी..."

"हे तुझं बरं आहे!" ओझेलाचा आवाज तिच्या मानाने बराच चढला, म्हणजे शेजारच्या खोलीत ऐकू गेला असता. "सगळ्यांना मोकळं सोडायचं आणि निस्तरायला ताई. सांग ना काय करू!"

लूशियस स्टुलावरून तिच्याकडे वाकला.

"मी आत असताना तुला कोण पाठवायचं?" त्याने विचारलं.

"मला कोण पाठवणार?"

"तेच म्हणतोय," तो म्हणाला आणि उठला. या वेळी दाराशी थांबला नाही. दार ढकलून बाहेर गेला.

*

अंगणात आवाज वाढला होता. मिस्टर ड्यूबेरी गादीच्या सीटांचं वर्णन करत होते आणि मॉझेल आत्या प्रत्येक सीटला मान डोलवत होती.

"माझ्या कंबरेचं आमेन तर केव्हाच पडलंय," ती म्हणत होती. "आणि ड्रायव्हरला पगार आहे म्हणतात. क्लीव्हन, ऐकतोयस ना?"

क्लीव्हन ऐकत होताच. टायरचा कारखाना बंद पडल्यापासून तो घरी होता. "पगार आहे," तो म्हणाला, "पण आत्या, अध्यक्ष लूशियस. म्हणजे मला सुट्टी त्याच्याकडे मागावी लागणार. तो लहानपणी माझे बूट पळवायचा!"

"आपल्या माणसाच्या हाताखाली काम करण्यात काय वाईट?" रेव्हरंड समजुतीने म्हणाले.

ओझेला ताट घेऊन बाहेर आली आणि ते टेबलावर तसंच झाकलेलं ठेवलं. मॉझेल आत्याची नजर म्हातारी होती पण ताटांच्या बाबतीत तरुण होती. तिने फडकं बोटाने उचललं. अख्खा मासा. सॅलडला तर चमचाही लागला नव्हता.

"झेला," ती म्हणाली, आणि अंगण शांत झालं, "तू जेवली नाहीस."

"नाही, आत्या."

"माझ्या सॅलडला नावं ठेवायची आहेत का?"

"नाही, आत्या. माझं आमेन राहिलंय."

मग क्लीव्हनने मांडीवर थाप मारली. "म्हणजे काहीच ठरलेलं नाही!"

"काहीच नाही," मॉझेल आत्या म्हणाली. तिच्या चेहऱ्यावर गाद्यांचं दुःख आणि तमाशाचा आनंद एकाच वेळी दिसत होता. "खुर्च्या गोल करा रे. डाव आणा."

मिस्टर ड्यूबेरींनी रोनेलला हळूच विचारलं, "हे काय चाललंय?"

"आता संध्याकाळ होईल," रोनेल म्हणाली.

खुर्च्या, पिंपं, फळ्या, जे मिळेल ते ओढून गोल झाला. भाजीचा लाकडी डाव धुऊन आणला. ड्यूबेरी मागे उभे राहू लागले तेव्हा आत्याने काठीने एक उलटी बादली त्यांच्याकडे सरकवली. "गोलात पाहुणा नसतो. बसा."

डाव आधी लूशियसकडे गेला. तो उभा राहिला. "मी आमेन म्हणालो होतो, ते मी परत घेत नाही, रीत ती रीत. तर अध्यक्ष म्हणून माझा पहिला आणि शेवटचा हुकूम, की अध्यक्षपद..."

"बघा, बघा!" आत्या ओरडली. "हुकूम सोडून हुकूम बंद करतोय!"

गोल हसला. लूशियसही हसला, मग डाव दोन्ही हातांत धरून बोलू लागला. "आम्ही पोरं होतो तेव्हा. काळ्यांच्या हक्कांसाठी लढणाऱ्या आमच्या संघटनेत सगळं होतं. टोप्या होत्या, घोषणा होत्या, वरून येणारे हुकूम होते. वरची माणसंही आपलीच, काळीच. मग एक दिवस वरच्यांचं आपसात फाटलं आणि खाली आम्ही एकमेकांकडे चोरासारखे बघायला लागलो. कशासाठी, ते कुणालाच माहीत नव्हतं. आत गेल्यावर त्याचा विचार करायला मला वेळच वेळ होता. खुर्चीत कोण बसलंय यावर मी तोवर भांडत होतो. खुर्ची काय करते ते मी बघितलंच नव्हतं. उद्या या बसचा मालक कुणी एक झाला, तो मी असलो तरी, की तुम्ही माझ्या दाराशी येऊन विचाराल, शनिवारी येऊ का? आज कुणी कुणाला विचारत नाही. येऊन बसतं."

"हे सगळं ठीक," रेव्हरंड म्हणाले, डाव त्यांच्याकडे आला तेव्हा. "पण कायमचं सरकारला सोडून कसं राहणार, बंधू?"

"आम्ही कुठे सोडलं, रेव्हरंड?" मॉझेल आत्याने डाव येण्याची वाट पाहिली नाही. "सरकार या टेकडीवर दोनदाच आलं. एकदा रस्ता खणायला, आणि एकदा याला न्यायला. रस्ता अजून तसाच पडलाय."

रेव्हरंडनाही हसू आलं. त्यांनी डाव पुढे दिला.

डाव ओझेलाच्या हातात आला. तिला गोलात बोलायची सवय होती, पण मुलीच्या विरुद्ध बोलायची नव्हती. ती बोलायला लागली तेव्हा मागच्या रांगेतल्यांना पुढे वाकावं लागलं.

"माझ्या रोनेलने ही बस आणली. तिने ती मायेने आणली, हे मी आधी सांगते. तिच्यावर कुणी हसायचं नाही." ती थांबली. "पण त्या बसमध्ये रक्ताची माणसं बसणार. मी शनिवारी अँसेलकडे जाणार आहे. तो माझ्या रक्ताचा नाही. आपल्या एटाचं आणि तिच्या माणसाचं लग्न झालेलं नाही, तीही बसणार नाही. जोसी दुसऱ्याच्या मुलाला सांभाळते, त्या मुलाला बापाकडे नेते, तीही नाही. मी रोज पहाटे नावं घेते. देवाने मला कधी विचारलं नाही, की हा तुझा कोण लागतो. ज्या गाडीत चढताना ते विचारतील, त्या गाडीला माझ्या तोंडून आमेन निघत नाही. मी प्रयत्न केला. घशात अडतं."

एवढं बोलून ती दमली. डाव पुढे द्यायला वळली आणि शेजारी बादलीवर मिस्टर ड्यूबेरी होते. त्यांनी डाव घेतला, काय करायचं ते न कळून कोटाच्या बाहीने पुसला.

"नियम मी एकट्याने केलेला नाही," ते म्हणाले.

"मग कुणी केला?" क्लीव्हनने विचारलं.

"समितीने."

"समितीत कोण कोण?"

"...मीही आहे." हशा पिकला. ड्यूबेरींनी कपाळ पुसलं. "मला तो बदलता येणार नाही. आमच्याकडे एक नाव लागतं, एक सही लागते. एक माणूस, ज्याला उद्या जाब विचारता येईल."

"इथे प्रत्येकाला विचारता येतो," लूशियस म्हणाला. "आत्ता तुम्हालाच विचारला की."

ड्यूबेरी हसले, आणि हसता हसता गप्प झाले. डाव अजून त्यांच्याच हातात होता. तो पुढे द्यायचं सोडून ते खाली बघत राहिले. कुणी त्यांना घाई केली नाही. टेकडीवर डावाला घाई करत नसत.

"शाळेत एक मुलगा माझ्या बाकावर बसायचा," ते शेवटी म्हणाले. "लॉयल नाव त्याचं. माझी गणितं तो सोडवायचा. तुरुंगात आहे तो, पुष्कळ वर्षं झाली. माझा कुणी लागत नाही. म्हणून मी कधी..." त्यांनी ओझेलाकडे बघितलं. "तुमच्या त्या निळ्या गाडीत शनिवारी जागा असते का?"

"चढावर उतरून चालावं लागतं," मॉझेल आत्याने बजावलं. "आणि हे बूट चालायचे नाहीत."

रोनेल इतका वेळ मान खाली घालून बसली होती. डाव तिच्याकडे आला तेव्हा तिने तो दोन्ही हातांनी घट्ट धरला. तिने अडवलं तर गोल उद्याही बसेल, परवाही बसेल.

"माझं आमेन मी मघाशीच दिलंय नव्या बसला," रोनेल म्हणाली, "आणि ते बुडालं. ठीक आहे. मिस्टर ड्यूबेरी, ती बस दुसऱ्या कुठल्या मोहल्ल्याला द्या, पण आधी तो नियम बदला, मी तुमच्या मागे लागणार आहे. तुम्हाला माहितीये, मी मागे लागते." मग ती क्लीव्हनकडे वळली. "काका, मिस पर्लचा गिअर मला शिकवाल? आई जाणारच असेल तर गाडी मी चालवीन. एका शनिवारी तुम्ही, एका शनिवारी मी."

"आणि मी," लूशियस म्हणाला.

"तू नाही!" तीन-चार बायका एकदम ओरडल्या.

क्लीव्हनने हनुवटी खाजवली. पगार गेल्याचं दुःख त्याच्या तोंडावर होतं, ते त्याने लपवलं नाही. "मला काम हवंय, हे खरं आहे. ते मी पुढच्या गोलात मांडणार, आणि तेव्हा तुम्ही मासे खात बसायचं नाही. पण गिअर शिकवतो. पोरीचा पाय पोचला पाहिजे."

"पोचेल," रोनेल म्हणाली.

ओझेला उठून तिच्या शेजारी जाऊन बसली. काही न बोलता मुलीचं डोकं आपल्या खांद्यावर ओढून घेतलं. रोनेलच्या केसांना तळणाच्या धुराचा वास येत होता.

"आता मागची प्रार्थना तर मोडली," रेव्हरंड ओशाळून म्हणाले. "म्हणजे आपण सगळे प्रार्थनेवाचून जेवलो?"

"अर्धे जेवलो," मॉझेल आत्या म्हणाली. "दुसरा घाणा आहे अजून. लूशियस, तू म्हण."

"मी? आत्या, मी आता प्रार्थना..."

"देवाने तुझी पुस्तकं वाचलीत. म्हण."

सगळे उभे राहिले. लूशियसने टोपी काढली, घसा साफ केला. "इथे अन्न आहे," तो म्हणाला. "इथे माणसं आहेत. कुणी वर नाही, कुणी खाली नाही." त्याने एक डोळा उघडून बहिणीकडे पाहिलं. "म्हणजे, देवा, तू वर आहेस. ताईच्या हिशोबाने. या जुन्या गाडीला एवढा चढ चढव. नाही चढवलास तर आम्ही चालू. जे आज या अंगणात नाहीत, त्यांच्यापर्यंत आम्हाला पोचव. आणि कुणी विचारू नये, की ते आमचे कोण."

तो थांबला. आणि एरवी पहिल्या श्वासाला गरजणारं अंगण गप्प राहिलं. कुणाचं तोंड उघडेना. पुन्हा फसायची कुणाची तयारी नव्हती. माना वळल्या आणि सगळे ओझेलाकडे बघू लागले.

ओझेलाने डोळे मिटले. पहिल्या ओळीपासून सुरुवात केली. अन्न. जावेचा भाजलेला अंगठा. माणसं, एकेक.

"झेला," आत्या कुजबुजली, "मासा थंड होतोय."

ओझेलाने घाई केली नाही. ती चढ चढली, बायकांच्या टोप्यांमागून, गाण्याच्या मागून, मिस्टर ड्यूबेरींच्या चुकीच्या बुटांमागून. भेटीच्या खोलीत पोचली. दाराकडे बघणारा पोरगा उठून उभा राहिला. तिने लॉयल नावाच्या एका अनोळखी माणसाचंही नाव घेतलं. मग प्रार्थनेत काही शिल्लक राहिलं नाही.

"आमेन!" ती म्हणाली, आणि तिच्या आयुष्यात कधी नव्हे इतक्या मोठ्याने म्हणाली. पिकानच्या झाडावरची पाखरं भुर्रकन उडाली, आणि त्यांच्यामागून अख्ख्या टेकडीचं आमेन उठलं.

तिने ताटावरचं फडकं काढलं, माशाचा गार झालेला तुकडा मोडला आणि पहिला घास घेतला.